कातळावरचं पिवळं झुडूप

खूप खूप वर्षांपूर्वी नदीकाठच्या एका गावात एक म्हातारा विणकर राहत होता. घरात तो आणि त्याचा माग, तिसरं कोणी नाही. एकुलती एक लेक दूर डोंगरावर, एका मेंढपाळाला दिलेली. ती गेल्यापासून घर खायला उठायचं. म्हातारा सवयीने दोन ताटं मांडायचा आणि मुकाट्याने एक उचलून ठेवायचा.

एका हिवाळ्यात तो धापा टाकत डोंगर चढून गेला. वर सगळा उघडा कातळ. कातळाच्या भेगांत मात्र ठेंगणी झुडपं पिवळ्या फुलांनी लगडली होती.

"पोरी, या दगडात काय ठेवलंय? चल घरी."

"बाबा, माझं घर हेच. तुम्हीच राहा ना इथं."

"लेकीच्या दारी बापानं राहायचं? लोक काय म्हणतील?"

म्हातारा तसाच उठला. वाटेत त्याने एक झुडूप मुळासकट उपटलं. "तू नाही, तर एवढी तरी सोबत," तो पुटपुटला.

अंगणातल्या काळ्या मातीत त्याने ते लावलं. खत घातलं, सकाळ-संध्याकाळ पाणी घातलं. माग चालवता चालवता तो त्याच्याशी बोलायचा. थोड्याच दिवसांत पानं गळाली, खोड मऊ पडलं. उकरून पाहिलं, तर मुळं कुजलेली. म्हातारा तिथेच मातीत बसून लहान मुलासारखा रडला.

शेजारची म्हातारी कुंभारीण कुंपणापाशी आली.

"माझं काय चुकलं गं? इतका जीव लावला!"

"अरे, ते दर साली वाळतं आणि त्याच मुळातून पुन्हा फुलतं. पण आपल्या खडकात. तू तुझं अंगण भरायला आणलंस. त्याला काय हवं, ते पाहिलंस का?"

म्हाताऱ्याने कुजलेली मुळं हातात घेतली. "पण लेकीच्या दारी राहिलो, तर लोक काय म्हणतील?"

"लोकांचं म्हणशील, तर तुझ्या ओसरीवर कधी कुणी येऊन बसतं का रे?"

म्हातारा उठून रिकाम्या ओसरीवर जाऊन बसला. रात्रभर डोळ्याला डोळा लागला नाही.

सकाळी त्याने माग सुटा केला, कुंभारणीच्या गाढवावर लादला आणि डोंगराची वाट धरली.

लेक मेंढ्यांना पाणी पाजत होती. बापाला पाहून ती धावत आली. "बाबा! किती दिवस राहणार?"

म्हाताऱ्याने गाढवावरचं ओझं उतरवलं. त्याने विचारलं, "माग कुठं मांडू?"

गावात लोक चार दिवस बोलले आणि विसरून गेले. म्हाताऱ्याच्या पुढ्यातलं दुसरं ताट मात्र पुन्हा कधी रिकामं राहिलं नाही.

म्हणून मुलांनो, आणि मोठ्यांनोही, लक्षात ठेवा: मायेचं माणूस जिथं रुजलं, तिथं आपण चालत जावं, त्याला उपटून आणू नये.