काळाने पादुका जिथे उतरवल्या

“सून गुणाची आहे, पण घराला अजून पटलेली नाही,” वल्लरीने आपल्या पतीला, स्थूणाला, अगदी हलक्या आवाजात सांगितले. “तोंडच उघडत नाही ती. या पौर्णिमेला वर्ष भरते. माहेरी पोचवायची वेळ आली, तर आपल्या विरूढाला काय सांगायचे?”

परंतु ज्या घराच्या भिंती सजीव असतात, त्या घरात हलका आवाज असा प्रकारच नसतो. मुळांतून रस चढावा तसे ते शब्द भिंतींतून चढले आणि चुलीपुढे बसलेल्या नव्या सुनेच्या, आर्जवीच्या, कानी पडले.

ही कथा कृतयुगातली. पर्वतांना तेव्हा नुकतीच कुठे एका जागी बसायची सवय लागली होती. गंधमादनाच्या उतारावर प्ररोह नावाचे कुळ नांदत होते. ते देव नव्हते, दानव नव्हते, मनुष्यही नव्हते. अमरावती रचताना विश्वकर्म्याने कपाळीचा घाम निपटला, तो ज्या मातीत पडला तिथून ते उगवले. त्यांची कांती कोवळ्या सालीसारखी हिरवट, आणि बोटांच्या टोकांना केसांसारखी मुळे. ते घरे बांधीत नसत, पेरीत असत. स्तंभ दूध पिऊन वाढत, छताला ऋतुमानाप्रमाणे पालवी फुटे, आणि घरातल्या प्रत्येकासाठी एक दालन उगवे. त्यासाठी मधल्या स्तंभाला हात लावून, कधी सरू नये असा आपल्या आयुष्यातला एक क्षण अर्पण करायचा. त्या दालनात मग तोच क्षण अखंड नांदे. आत निमिषभर बसावे, तो बाहेर दिवस कलून जाई. वर्षाच्या आत सुनेचे दालन उगवले नाही, तर घराने तिला स्वीकारले नाही असे समजून तिला माहेरी पोचवायची, ही कुळाची रीत.

स्थूणाच्या दालनात विश्वकर्मा त्याची पाठ थोपटीत “साधु, स्थूणा, साधु!” म्हणत असे. वल्लरीच्या दालनात तिचा विरूढ पहिले पाऊल टाकीत असे. आणि त्याच विरूढाने, आर्जवीच्या नवऱ्याने, अर्पण केला होता विवाहहोमाचा क्षण: ओंजळीतून लाह्या सोडताना धुराने डोळे चोळीत हसलेली वधू. तो रोज सकाळी तिला बघायला आत जाई, आणि जिवंत वधू त्याचे पान मांडून बाहेर बसे. सवत असावी तर अशी, आर्जवीच्या मनात येई, आपल्याच चेहऱ्याची. भांडायचे तरी कोणाशी?

माणसे मात्र गोड होती. सासूबाई संध्याकाळी बाहेर आल्या की तिच्या केसांत फुले माळीत आणि “आज चालला हो विरूढ!” असे कौतुकाने सांगत, जणू काल चालला नव्हता. आर्जवी वेत्रायण ऋषींची लेक. आश्रमात सगळे एका पंक्तीला जेवत. ती रोज स्तंभाला हात लावी आणि काहीही अर्पण न करता परते.

पौर्णिमेच्या माध्यान्ही दारात एक अतिथी उभा राहिला. जटा धुळीने माखलेल्या, पायी लोखंडी पादुका. आर्जवीने त्याला पाट मांडला, भात वाढला, आणि जेवणाआधीच्या आपोशनासाठी त्याच्या तळहातावर पाणी घातले.

“गृहस्वामी कुठे आहे?”

“आत आहेत.”

“गृहस्वामिनी?”

“त्याही आत.”

“आणि तुझा पती?”

“माझ्याकडे बघत बसले आहेत,” आर्जवी म्हणाली. “आत.”

अतिथी उठला, आणि त्याची छाया छताला भिडली. “मी काळ! सूर्याला उदय आणि समुद्राला भरती देणारा, देवांनाही न थांबणारा काळ! हे प्ररोहांनो, माझे क्षण तुम्ही वासरांसारखे कोंडून ठेवलेत, आणि दारी आलेला अतिथी तुम्हाला दिसत नाही! हे घर आताच शुष्क होवो, आणि यातला प्रत्येक क्षण...”

“भगवन्,” आर्जवी म्हणाली, “हातातले पाणी आपोशनाचे आहे. शापासाठी दुसरे आणू का?”

काळाने तळहाताकडे पाहिले. आजवर त्याला असे कोणी अडवले नव्हते.

“तू कोणता क्षण कोंडलास?”

“माझा अजून यायचा आहे. मी रोज चार पाने मांडते, महाराज.”

काळ मांडलेल्या पानांकडे बघत राहिला. मग म्हणाला, “तर बोलाव त्यांना. या भाताची वाफ विरेपर्यंत हे पाणी हातात थांबेल. पुढे ते शापाचे.”

आर्जवीने जन्मात आवाज चढवला नव्हता. पण या भिंती कुजबूज कशी पोचवतात, हे तिच्याइतके कोणाला ठाऊक असणार? तिने स्तंभाच्या सालीला ओठ लावले.

ती काय बोलली ते सांगण्याआधी त्याचे फळ सांगायला हवे. विश्वकर्म्याचा हात हवेतच सोडून स्थूण बाहेर आला. वल्लरी आली, आणि आपला मुलगा आपल्यापेक्षा उंच झाला आहे, हे तिने प्रथमच पाहिले. विरूढ आला, डोळे चोळीत, आणि लाजला. मधल्या स्तंभातून चहूकडे दारे असलेले आर्जवीचे दालन उगवले. काळाने तळहातावरचे पाणी प्राशन केले आणि पादुका दाराबाहेर उतरवून म्हटले, “जिथे एका पंक्तीला पाने मांडली जातील, तिथे मी अनवाणीच येईन.” म्हणूनच जेवण उरकल्यावरही हात वाळेपर्यंत गप्पा रंगतात, आणि वेळ कुठे गेला ते कळत नाही. तो कुठेही जात नाही. पंक्तीतच बसलेला असतो.

आणि सालीला ओठ लावून आर्जवी म्हणाली होती ते एवढेच:

“मामंजी, सासूबाई... अहो... बाहेर या ना. भात निवतो आहे, आणि मला एकटीला जेववत नाही.”