मुक्या पाठी

ज्या काळाची मोजदाद कुणाकडेच नाही, अशा एका काळी डोंगराच्या पायथ्याशी एक गाव होतं. त्या गावाला एक विद्या येत होती. तिला ते परतवणी म्हणत.

काही वाईट घडलं, की दिवस मावळायच्या आत सारं गाव देवळासमोर गोल उभं राही. प्रत्येकानं आपला तळहात पुढच्याच्या पाठीवर ठेवायचा आणि सगळ्यांनी मिळून म्हणायचं, "हे घडलं नाही." मग ते खरोखरच घडलेलं नसे. विहिरीत बुडालेलं पोर काठावर खेळताना दिसे.

मात्र एकही आवाज कमी पडता कामा नये. शिवाय परतवलेली घटना एकटी जात नसे. तिच्यातून जे मिळालं, तेही जाई. एकदा मध काढताना एक जण कड्यावरून पडला. गावानं त्याला परत आणलं, तेव्हा मधाचा हंडा रिकामा झाला होता.

"मध गेला तर गेला," लोक हसले, "खाणारा तर आला!"

पुढे पुढे पाटलाच्या बैलाचा पाय मुरगळला तरी गावाला उभं राहावं लागे. "उद्या पाटलीणबाईंची भाकरी करपली तरी बोलावतील," टोपल्या विणणारी सगुणा म्हणायची. पण हातातलं काम टाकून यायची आणि सगळ्यांत मोठ्यानं बोलायची.

मग दुष्काळ पडला. शेतं भेगाळली. अशात एका सकाळी डोंगरावरचा मोठा धोंडा निसटला आणि बांबू आणायला गेलेली सगुणाची लेक तानी त्याच्याखाली सापडली. धोंड्याच्या जागी डोंगराच्या पोटातून पाणी उसळलं. दुपारपर्यंत ते देवळावरून वाहत सगळ्यांच्या शेतांत पोचलं.

"पाटील, दिवस अजून वर आहे," सगुणा म्हणाली. "बोलवा सगळ्यांना."

"बोलावतो गं. कुणी नाही म्हटलंय का?" पाटील म्हणाला. पण त्याची नजर पाण्यावर होती.

"सगुणे, जरा पाण्याचाही विचार कर," शेजारीण हळूच म्हणाली. "माझी लहान लहान लेकरं आहेत."

"माझी एकच आहे, वयनी."

गाव गोल उभं राहिलं. पाण्याचा खळखळाट इतका, की कोण बोललं आणि कोण नाही, हे कानांना कळेना. तळहातांना मात्र कळलं. सगुणाचा हात शेजारणीच्या पाठीवर होता. त्या पाठीत आवाजाचा कंप नव्हता.

"वयनी, बोला ना!"

शेजारणीनं मागे वळून पाहिलं नाही. पाटलाच्या हाताखालची पाठ गप्प होती, आणि त्याची स्वतःचीही. प्रत्येकाला दुसऱ्याचं कळलं होतं. म्हणूनच कुणी कुणाला विचारलं नाही. दिवस मावळला.

"पोरीचं आयुष्यच तेवढं होतं," लोक म्हणाले आणि पेरणीला लागले. त्या वर्षी पीक उत्तम आलं. कुणाच्याही घशात घास अडकला नाही.

पुढच्या पावसाळ्यात, झऱ्यानं आतून पोखरलेला तो डोंगर खचला. दरड पाटलाच्या मळ्यावर आली. त्याचा नातू तिच्याखाली गेला, आणि आजवर आधी पाटलाच्या मळ्यात जाणारं पाणी इतरांच्या शेतांकडे वळलं.

पाटील दारोदार धावला. "अरे, माझा नातू आहे रे! या सगळे! मनापासून बोला!"

सगळे आले. सगुणाही आली.

"बघा, आली मजा बघायला," कुणीतरी टोमणा मारला.

"पोर आहे ते," सगुणा म्हणाली. "पाटील, हात ठेवा."

पाटलानं तिच्या पाठीवर हात ठेवला. पाऊस कोसळत होता, कानांना काही कळत नव्हतं. पण त्याच्या तळहाताखाली ती पाठ थरथरत होती. सगुणा बोलत होती, पुन्हा पुन्हा बोलत होती, धाप लागेपर्यंत बोलत होती. पाटलाचा हात तिच्या पाठीवर असतानाच अंधार पडला. नातू परतला नाही.

दुसऱ्या दिवशी गाव जमलं.

"सगुणाच गप्प राहिली," शेजारीण म्हणाली. "सूड घेतला तिनं."

"तिच्याशिवाय कोण?" सगळ्यांनी लगेच मान डोलावली. मग ते पाटलाकडे बघू लागले.

पाटलाला खरं माहीत होतं. पण सगुणा बोलली होती असं म्हणायचं, तर मग कोण बोललं नाही, हे विचारावं लागलं असतं. ते विचारलं, की तानीच्या वेळी कोण कोण गप्प होतं, तेही निघालं असतं.

"घालवा तिला," पाटील म्हणाला.

सगुणानं कोयता आणि टोपल्या उचलल्या. कुणालाही शाप दिला नाही. ती गेली.

त्यानंतर दरडी येतच राहिल्या. गाव दर वेळी गोल उभं राही, हात पाठीवर ठेवी आणि ओठ हलवी. काहीच परतत नसे. शेवटच्या दरडीनंतर उभं राहायला कुणी उरलं नाही. पाणी मात्र आजही त्या जागेवरून वाहतं, आणि गोड आहे.

बोध: दुसऱ्याच्या मरणात आपला फायदा पाहून गप्प बसणाऱ्यांच्या हाती जग बदलण्याची विद्या आली, तरी ती त्यांना वाचवू शकत नाही.