भाद्रपदातली द्राक्षं

एकदा एका शेठला भाद्रपदात द्राक्षं तोडायची हुक्की आली.

हुक्की येणं हा काही गुन्हा नाही. पण डोंगराच्या पायथ्याशी या शेठच्या मालकीच्या द्राक्षबागा होत्या, बागांच्या मधोमध वाइनचा कारखाना होता आणि सगळ्यांचे पगार त्याच्याच हातून होत होते. अशा माणसाला हुक्की आली की तिला हुकूम म्हणतात.

वाइनच्या बाबतीत तो देश अगदी नवखा. खायची द्राक्षं लोक पिढ्यान्‌पिढ्या लावत आले होते, पण वाइन करायची विद्या कालपरवाची. कुणी नदीकाठी वेली लावल्या, कुणी माळावर, कुणी डोंगरउतारावर. कुठल्या मातीला कुठली जात मानवेल याचा पत्ता कुणालाच नव्हता. सगळे करून बघत होते. एक गोष्ट मात्र तिथल्या हवेनं आणि वेलींनी आपसात ठरवून टाकली होती. चैत्रात एकदा छाटायचं, दसऱ्याच्या सुमाराला पुन्हा छाटायचं आणि माघात द्राक्षं द्यायची. भाद्रपदात वेलीवर असतात पानं, आणि काडीच्या डोळ्यांत पुढच्या घडांची तयारी गुपचूप चाललेली असते. खाण्यासारखं काहीही नसतं.

शेठला हे ठाऊक होतं. पण आदल्या वर्षी तो वाइनच्या जुन्या देशांत फिरून आला होता. तिकडे तोडणी असते ती आपल्या भाद्रपदात. टोपल्या, गाणी, हौदात उतरून द्राक्षं तुडवणारी माणसं, पाठीमागे डोंगर. शेठ भारावून गेला. परत येऊन त्यानं आधी आमंत्रणं वाटली, शहरातल्या हॉटेलवाल्यांना, वर्तमानपत्रवाल्यांना, टोपी घालून फिरणाऱ्या हौशी बायकांना. आणि मग बागेत येऊन सांगितलं.

बाग आणि कारखाना दोन्ही सांभाळायचे आप्पा. वय झालेलं, बोलणं कमी. त्यांच्या हाताखाली गोरख शिकत होता. शिकून होत आलेला, मिशी फुटलेला, डोकं लवकर तापणारा. आप्पांनी वरच्या उताराचा तुकडा त्याला लावायला दिला होता. "इथं येईल त्याची वाइन तू करायची," एवढंच म्हणाले होते. त्या उतारावर याआधी कुणी वेल लावलीच नव्हती, तेव्हा तिथल्या वाइनची चव कशी असेल हे देवालाही माहीत नव्हतं. येत्या माघात पहिलं पीक यायचं होतं. गोरख वेलींशी बोलायचा नाही, पण त्यांच्याकडे बघून इतरांशी बोलणं विसरायचा.

"आप्पा, येत्या रविवारी तोडणी," शेठ म्हणाला.

"कशाची?"

"द्राक्षांची."

"ती माघात येतात, शेठ."

"तिकडे आत्ता येतात."

"तिकडच्या वेलींना येतात."

"वेल ती वेल. शहरातून पेट्या मागवल्यात, द्राक्षं बांधून घ्या. वरच्या उतारावर करू, मागे डोंगर झकास दिसतो. फक्त पानं फार माजलीत. काड्या अर्ध्यावर छाटून टाका, म्हणजे फोटोत घड नीट येतील."

गोरख पुढे सरसावला. आत्ता काडी छाटली की डोळ्यांतला माल गेला. माघात उतारावर वेली चढवायच्या नुसत्या तारा दिसल्या असत्या. तो तोंड उघडणार, एवढ्यात आप्पांनी हात जोडले.

"कात्री नको, शेठ. पानांतून फळ हुडकायला पाहुण्यांना मजा वाटते. बांधायचं तेवढं माझ्यावर सोडा."

शेठ खूश होऊन गेला. गोरख पेटला.

"आप्पा, तुम्ही हे करणार?"

"करणार."

"दुकानातली द्राक्षं? माझ्या वेलींना? दोऱ्यानं?"

"सुतळीनं. दोरा तुटतो."

"आख्ख्या तालुक्यात तोंड दाखवायला जागा नाही राहायची. लोक म्हणतील, यांना द्राक्षं कधी येतात तेसुद्धा कळत नाही. तुम्ही असं कराल असं वाटलं नव्हतं."

"सुतळी धर."

"नाही धरणार."

"बरं," आप्पा म्हणाले.

शनिवारी पेट्या आल्या. परदेशातून विमानानं आलेली, बिनबियांची, लांबुळकी, एकसारखी द्राक्षं. निम्म्या पेट्या वाटेतच सडल्या होत्या. उरलेल्या मालात जेमतेम दोन ओळी झाल्या. आप्पांनी शेठला फोन लावला. शेठ घाईत होता. "बाकीच्या ओळींचं बघा काहीतरी," तो म्हणाला. "ओळ रिकामी दिसता कामा नये."

आप्पांनी फोन ठेवला आणि गोरखकडे वळले. "वांगी आण."

"कशाला?"

"आण. आणि परसातले दोडके. केळी मिळाली तर बघ."

गोरखला वाटलं, म्हाताऱ्याला भूक लागली. चिडचिड करत त्यानं भाजीची पाटी आणून टाकली. आप्पांनी एक दोडका उचलला, वेलीला सुतळीनं बांधला, दोन पावलं मागं सरून बघितलं आणि जरा तिरका केला.

गोरखचा राग त्या क्षणी कुठं जावं ते न कळून तिथेच उभा राहिला.

रविवारी पाहुणे आले. प्रत्येकाला टोपली आणि छोटी कात्री मिळाली. पहिल्या दोन ओळी झकास पार पडल्या. तिसऱ्या ओळीत एका टोपीवाल्या बाईंच्या हाताला दोडका लागला. त्यांनी इकडेतिकडे बघितलं. शेजारचे गृहस्थ न बोलता वांगं तोडत होते. बाईंनी आवाज खाली आणून आप्पांना विचारलं, "ही कुठली जात?"

"डोंगराळ," आप्पा म्हणाले.

"वाटलंच मला," बाई म्हणाल्या आणि दोडका टोपलीत ठेवला. वर्तमानपत्रवाल्यानं ते लिहून घेतलं.

गोरखला हसावं की रडावं कळेना. त्याला त्या बाईंचा राग आला, मग शेठचा आला, आणि मग आपल्या त्या बिचाऱ्या वेलींचा विचार येऊन सगळ्यांचाच आला.

उताराच्या टोकाला लाकडी हौद ठेवला होता. शेठनं बूट काढून ओळीच्या कडेला ठेवले, धोतर खोचलं आणि चौथऱ्यावर चढून भाषण सुरू केलं. हजारो वर्षांची परंपरा, असं काहीतरी तो म्हणत होता. ज्या बागेविषयी बोलत होता तिची लागवड गोरखला लख्ख आठवत होती. तेवढ्यात त्यानं पाहिलं, आप्पा शांतपणे खाली वाकले, शेठचा एक बूट उचलला, झटकला आणि नाडीनं वेलीला बांधून टाकला.

जरा वेळानं टोपीवाल्या बाई तिथवर पोचल्या. त्यांनी नाडी कात्रीनं कापली. "हे जड आहे," त्या म्हणाल्या.

"पिकलंय," आप्पा म्हणाले.

टोपल्या हौदात रिकाम्या झाल्या, गाणी सुरू झाली. शेठ आत उतरला आणि तुडवू लागला. दोडक्याच्या शिरा पायाला बोचल्या तेव्हा तो हसत राहिला, कारण फोटो चालले होते. वांगी फुटली तेव्हाही हसला. मग पायाखाली काहीतरी असं आलं की त्याचं हसू गेलं. त्यानं हात घातला आणि रसात निथळणारा आपलाच बूट वर काढला.

गाणी थांबली.

"आप्पा," शेठ म्हणाला. आवाज बारीक होता, पण सगळ्यांना ऐकू गेला. "हा काय प्रकार आहे?"

"बूट आहे, शेठ. तुमचाच."

"तो वेलीवर कसा आला?"

"द्राक्षं आली तसाच."

आप्पांनी डोक्याची टोपी काढून हातात घेतली.

"वेलीनं न दिलेलं फळ वेलीला बांधा, असं तुम्ही सांगितलंत. मी बांधलं. एकदा सुतळी हातात घेतली की द्राक्ष काय आणि बूट काय, सुतळीला दोन्ही सारखेच. तिकडचं पंचांग खोटं नाही शेठ, तिकडच्या वेलींना ते खरं आहे. आपण या धंद्यात अजून पोर आहोत. पोर असण्यात लाज कसली? पण पोरानं आजोबांची कवळी लावून हसायचं ठरवलं, तर ज्याला हसू यायचं त्याला येतंच. या पाहुण्यांना मी हसत नाही. आपण जे दाखवू तेच ते आपलं समजून घरी नेणार. म्हणून तर दाखवणाऱ्यानं जपायचं."

शेठचा चेहरा लाल झाला होता. रसामुळे की आणखी कशामुळे, ते सांगता येणार नाही. तो आप्पांना तिथल्या तिथे काढून टाकेल अशी गोरखची खात्री पटली. पण त्याआधीच एका जाड्या हॉटेलवाल्यानं घसा खाकरला.

"मग तुमच्याकडे द्राक्षं येतात तरी कधी?"

शेठनं बुटातला रस ओतला. "माघात."

"मग माघातच बोलवायचं ना," हॉटेलवाला म्हणाला. त्याला त्यात काही विशेष वाटलं नव्हतं.

शेठ हौदातून बाहेर आला. मग म्हणाला, "या मग माघात." एक बूट घालून, एक हातात धरून तो गाडीकडे गेला. आप्पांना तो काही बोलला नाही, पण दसऱ्यापर्यंत उताराकडे कात्री घेऊन कुणी फिरकलं नाही.

पाहुणे गेल्यावर गोरख आणि आप्पा सुतळ्या सोडत बसले.

"सरळ नाही म्हणायचं होतं, आप्पा."

"नाही म्हटलं असतं तर त्यानं दुसरी माणसं आणली असती. कात्र्या घेऊन." आप्पांनी एक काडी बोटांत धरून त्याला दाखवली. डोळे शाबूत होते, टपोरे. "आपलं काय गेलं? सुतळी."

गोरखनं पुढची सुतळी सोडायला घेतली. दिवसभराचा राग कुठंतरी खाली बसला, गाळ बसावा तसा.

वर्तमानपत्रात बातमी छापून आली. पुढे काही दिवस कारखान्यात 'डोंगराळ' जातीच्या वाइनची मागणी येत राहिली. आप्पा प्रत्येकाला एकच उत्तर द्यायचे. "यंदा साठा संपला."

मग दसऱ्याच्या सुमाराला छाटणी झाली, डोळे फुटले, थंडी पडली आणि माघ आला. उतारावरचे घड लहानसर होते, मणी दाटीवाटीनं बसलेले, सालीला जाड, आत बिया. दुकानात कुणी हात लावला नसता असे. पाहुणे अजून वाटेतच होते. गोरख पहिल्या ओळीत उभा राहिला, पण कात्री चालवण्याआधी त्यानं एक घड मुठीत घेतला आणि सुतळी शोधावी तसा हळूच ओढून बघितला.

सगळी वेल त्याच्याकडे वाकली.