भिवराची शिडं

फार फार वर्षांपूर्वी एका खाडीच्या तोंडाशी एक गाव होतं. निम्मं गाव विणकरांचं, निम्मं कोळ्यांचं. तिथल्या विणकरांना एक वेगळीच विद्या अवगत होती. मागावर ताण्याचे उभे धागे लावताना विणकर एक बोल बोलायचा, म्हणजे एखादी गोष्ट पाळायचं वचन द्यायचा. तो बोल जोवर पाळला जाई, तोवर त्या कापडाच्या अंगी बळ राही. बोल मोडला की कापड विरून जाई.

बोल जेवढा अवघड, तेवढं कापड बळकट. एका म्हाताऱ्याने आंबट खाणं कायमचं सोडून एक पंचा विणला होता. तो कपाळावर ठेवला की ताप उतरायचा. एका बाईने सुनेवर कधी ओरडणार नाही असा बोल घालून नातवासाठी दुपटं विणलं होतं. ते मात्र आठवडाभरही टिकलं नाही.

सगळ्यात अवघड बोल होता भिवराचा. ती तरुण असताना तिचा नवरा समुद्रावर गेला आणि वादळात होडीचं शीड फाटून बुडाला. दुसऱ्या कुणाच्या घरी असं घडू नये, म्हणून तिने गावातल्या साऱ्या होड्यांसाठी शिडं विणायला घेतली आणि ताणा लावताना म्हणाली, “मी कधीही खोटं बोलणार नाही.” त्यानंतर केवढी वादळं आली, पण तिचं एकही शीड उसवलं नाही. लोक भांडणतंटे घेऊन तिच्याकडे यायचे. भिवरा म्हणाली म्हणजे ते तसंच, असं सगळे मानायचे. याचा तिला मनातून थोडा अभिमानही होता.

एके दिवशी होड्या समुद्रात गेल्या असताना एक अनोळखी माणूस तिच्या दारात येऊन कोसळला. त्याचे पाय रक्ताळले होते. भिवराने त्याला पाणी दिलं, भाकरी दिली. त्याचं नाव तुळाजी. तो राजाची दवंडी पिटायचा. राजाने बांधलेल्या तलावाच्या बांधाला तडा गेला होता, पण बांध भक्कम आहे अशी दवंडी पीट, असा राजाचा हुकूम होता. तुळाजीने तो तडा डोळ्यांनी पाहिला होता. त्याने बांधाखालच्या वस्तीत जाऊन उलटीच दवंडी दिली, की घरं सोडा आणि टेकडीवर जा. लोक गेले. बांध फुटला, घरं वाहून गेली, माणसं मात्र वाचली. राजाचं हसं झालं आणि आता त्याला तुळाजीचं डोकं हवं होतं.

तो हे सांगत होता, तेवढ्यात खाडीच्या पलीकडे शिपाई दिसले. ते खाडी ओलांडायला नावेची वाट बघत उभे होते. तुळाजी भिंतीला धरून उठू लागला. भिवराच्या बोलाची गोष्ट त्याने ऐकली होती.

“मी निघतो,” तो म्हणाला. “माझ्यासाठी तुम्ही खोटं बोलू नका.”

पण तो जाणार कुठे? पुढे समुद्र होता आणि पाय तर जमिनीवर टेकवत नव्हते. भिवरा दारात उभी राहिली. खरं बोलावं, तर ज्याने खरं बोलून अख्खी वस्ती वाचवली त्याचा जीव जाणार. गप्प राहावं, तर शिपाई घर धुंडाळणार. आणि खोटं बोलावं, तर भर समुद्रात शिडं विरणार. आपल्या नवऱ्याचा शेवट तिला आठवला.

मग तिने तुळाजीला मागाखालच्या खड्ड्यात बसवलं, वर जुनं घोंगडं ओढलं आणि धावत हिराजी नाखव्याचं घर गाठलं. हिराजी कोळ्यांचा प्रमुख. त्याची दोन्ही मुलं त्या दिवशी समुद्रावर होती. तिने सगळं सांगितलं तसा तो संतापला.

“एका परक्या माणसासाठी आमची पोरं बुडवतेस?”

“म्हणून तर आधी तुमच्याकडे आले, नाखवा. होड्या माघारी बोलवा.”

हिराजी तिला बरंच बोलला. पण बोलता बोलताच त्याने किनाऱ्यावर ओलं गवत पेटवलं. तो धूर म्हणजे संकटाची खूण. लांबवरच्या होड्या एकेक करून वळल्या.

शिपाई आले तेव्हा भिवरा मागावर बसलेली होती. त्यांचा नाईक सभ्य माणूस होता. त्यानेही तिची कीर्ती ऐकली होती. तो म्हणाला, की लोकांची घरं उचकायला त्याला आवडत नाही. बाईंनी एक शब्द सांगावा, तो माघारी जाईल. भिवराने त्यांना पाणी दिलं, गूळ दिला, वाटेची चौकशी केली. खिडकीतून तिला समुद्र दिसत होता. बाकीच्या होड्या शिडं उतरवून किनाऱ्याला लागल्या होत्या. हिराजीच्या मुलांची होडी मात्र अजून दूर समुद्रातल्या खडकापाशी होती, शीड उभारलेलं.

अखेर नाईकाने सरळच विचारलं, “तुळाजी इथे आला होता का?”

भिवराने बाहेर पाहिलं. हिराजी कमरेएवढ्या पाण्यात उभा राहून डोक्याचं फडकं हलवत होता. होडीवरचं शीड हळूहळू खाली आलं.

“नाही,” भिवरा म्हणाली. “इथे कुणी आलेलं नाही.”

नाईकाने हात जोडले आणि तो निघून गेला. त्याला शंकाही आली नाही.

भिवराच्या तोंडून खोटं निघालं त्याच क्षणी किनाऱ्यावर गुंडाळून ठेवलेल्या शिडांचा भुगा झाला होता. हिराजीच्या मुलांनी मासे पाण्यात फेकून होडी हलकी केली आणि लाटांशी झगडत वल्ही मारली. एकाचा खांदा निखळला, पण दोघं किनाऱ्याला लागले.

पाय बरे झाल्यावर तुळाजी डोंगरवाटेने दूरच्या मुलखात गेला. गावाचे मात्र हाल झाले. शिडांवाचून होड्या खडकापलीकडे जाईनात, घराघरात अर्धपोटी दिवस निघू लागले. भिवराशी कुणी धड बोलेना. तंटा घेऊन तर कुणीच येईना, आणि हे तिला वाटलं होतं त्याहून जास्त लागलं. तरीही त्या माणसाला शिपायांच्या हाती द्यायला हवं होतं, असं काही तिला वाटलं नाही.

एके सकाळी हिराजी आला आणि त्याने तिच्यापुढे सुताचं गाठोडं ठेवलं.

“माझा राग अजून गेलेला नाही,” तो म्हणाला. “पण खोटं बोलण्याआधी तू माझ्या पोरांचा विचार केलास, हे मी विसरलेलो नाही. शिडं विण.”

“माझ्या बोलावर आता कोण विश्वास ठेवेल?”

“सूत ठेवतंय का, ते बघू.”

भिवराने गाठोडं सोडलं. मग तिने ताणा लावला आणि सावकाश म्हणाली, “माझ्या दाराशी आलेल्याला मी वाऱ्यावर सोडणार नाही.”

ती शिडं पहिल्यासारखी तलम झाली नाहीत, जाडीभरडीच झाली. कोळ्यांनी ती जरा भीतभीतच होड्यांवर चढवली. पुढच्या वादळात सगळ्या होड्या परत आल्या.

तात्पर्य : शब्द द्यायचा आणि पाळायचा तो माणसांना जपण्यासाठी; माणूस गमावून नुसता शब्द जपला, तर त्यात काही अर्थ उरत नाही. आणि तो मोडण्याची वेळ आलीच, तर त्याची झळ कुणाकुणाला लागेल हे आधी बघावं.