आवडीची हाक

फार वर्षांपूर्वी, खाडीवर पूल नव्हता आणि कांदळवाडीतली सगळी घरं गवतानं शाकारलेली होती, तेव्हाची ही गोष्ट. वाडीचं सगळं भात खाजणात पिकायचं. खाजण म्हणजे खाडीच्या तोंडातून ओढून घेतलेली जमीन. अलीकडे भात, पलीकडे खारं पाणी, आणि मध्ये माणसांच्या हातांनी घातलेला मातीचा बांध. बांध होता म्हणून वाडीत चूल पेटत होती.

बांधाला खांड पडली, म्हणजे पाण्यानं भगदाड पाडलं, की अख्खी वाडी रांग धरायची. पेंढा कालवलेल्या चिखलाचा गोळा शेतातून खांडीपर्यंत हातोहात जायचा. पुढच्या माणसाची नजर पाण्यावरून हलायची नाही. तो मागं न बघताच हात मागं करायचा आणि विचारायचा, "कोन हाय?" मागचा म्हणायचा, "मी हाय!" आणि गोळा हातात द्यायचा. अशी तिथली रीत होती.

एका उधाणाला ही रीत मोडली. खांडीत उभा होता लखू, वाडीचे गावकर, म्हणजे प्रमुख, भिकूतात्या यांचा मुलगा. पाणी छातीला लागलं, तशी मागची माणसं पळाली. लखूनं हात मागं केला. "कोन हाय?" कोणीच बोललं नाही. लखू वाहून गेला. खाजण मिठानं पांढरं पडलं आणि वाडीनं कंद उकडून दिवस काढले.

पुढं बांध पुन्हा घातला, भातही पुन्हा पिकू लागलं. पण ती हाक वाडीत परत कोणी मारली नाही. जाणत्या माणसांनी उलट एक नियम काढला, की वाघजाईचा कौल मिळाल्याशिवाय खांडीला हात लावायचा नाही. भीतीला देवीचं नाव दिलं, की लाजही वाटत नाही आणि कोणी प्रश्नही विचारत नाही.

लखूच्या बायकोचं नाव आवडी. ती मात्र प्रश्न विचारायची.

मग एका भादव्यात, भाताचा दाणा दुधावर आला असताना, भर दुपारी उधाण चढलं आणि बांधाला खांड पडली. वाडी देवळात जमली. भिकूतात्यांनी देवीच्या पाषाणावर दोन ओल्या पाकळ्या लावल्या. उजवी पडली तर जायचं, डावी पडली तर नाही. बाहेर पाऊस कोसळत होता. पाकळ्या जागच्या हलेनात.

"तात्या, पाकळी पडायच्या आधी बांध पडंल," आवडी म्हणाली.

"सूनबाई, आईच्या शब्दाआधी पाऊल उचलायचं नाय."

"ह्या हवेत माझं लुगडं तीन-तीन दिस वाळत नाय. पाकळी कुठनं वाळंल?"

मागून काशीकाकू फणकारली, "नवरा गेला, तरी हिची जीभ काय वाकली नाय!"

"जीभ वाकली असती, तर तुमी माझी पाठ बी वाकवली असती, काकू," असं म्हणून आवडी देवळाच्या पायऱ्या उतरली.

बांधावर पोचली तेव्हा खांड बैलगाडी जाईल एवढी झाली होती. तिनं गोळा केला, टाकला, तो विरघळून गेला. दुसरा टाकला, तोही गेला. शेतात धावायचं, गोळा उचलायचा, परत यायचं, तोवर पाणी आधीचं सगळं खाऊन टाकायचं. आवडीला भीती वाटली नाही असं कोणी सांगितलं, तर ऐकू नका. ती चिखलात मटकन बसली आणि रडली.

मग ती उठली, खांडीत उतरली, आणि काय वाटलं कोण जाणे, तिनं हात मागं केला.

"कोन हाय?"

मागून काहीच आलं नाही. नुसता पाऊस. लखूनं शेवटी ऐकलं ते हेच, हे तिला कळलं. ते तिला सहन झालं नाही. कोणीतरी बोलायलाच हवं होतं. मग ती स्वतःच बोलली.

"मी हाय."

आवाज एवढासा निघाला. तिनं पुन्हा विचारलं, पुन्हा सांगितलं. "कोन हाय? मी हाय!" आणि तिच्या मागं केलेल्या हातात चिखलाचा गोळा आला. ऊन ऊन गोळा, आत्ताच कुणी छातीशी धरून आणावा तसा. तिनं मागं वळून बघितलं नाही. तो खांडीत बसवला, आणि तो विरघळला नाही, असं म्हणतात.

देवळातल्या माणसांना पावसाच्या पडद्यातून बांध दिसत होता. आवडीनं "मी हाय" म्हटलं, की तिच्या मागं एक बाई उभी राहायची. पुन्हा म्हटलं, की आणखी एक. बघता बघता शेतापासून खांडीपर्यंत रांग लागली. सगळ्यांच्या अंगावर तेच ठिगळाचं लुगडं, सगळ्यांचा चेहरा तोच. रांगभर आवडीच आवडी, असं म्हणतात. काशीकाकूनं हात जोडले.

पाकळ्या तशाच चिकटलेल्या होत्या. भिकूतात्या उठले आणि म्हातारे पाय टाकत पावसात निघाले. मागून सगळी वाडी निघाली. जो जो रांगेत उभा राही, त्याच्या जागेवरची आवडी नाहीशी होई. शेवटी खांडीतली एकच उरली.

तिनं हात मागं केला. "कोन हाय?"

फाटका, थकलेला आवाज आला, "मी हाय गो, पोरी."

तिनं ओळखला. "उशीर केलात, तात्या."

"केला. लय केला."

"रडू नका. गोळा द्या."

ओहोटी लागायच्या आत खांड बुजली. त्या वर्षीचं भात वाडीनं खाल्लं.

काही म्हातारी माणसं सांगतात, की आवडीनं बांधात जीव दिला. बायांनी जीव दिला, की गोष्ट पवित्र होते असं त्यांना वाटतं. कांदळवाडीच्या बाया तसं सांगत नाहीत. त्या सांगतात, की आवडी खूप जगली, शेवटपर्यंत भांडली, आणि घरच्या भाताची पेज पिऊन अंथरुणात मेली.

आजही कांदळवाडीत कोणावर वाईट दिवस आले, की तो उंबऱ्यावर उभा राहतो, अंगणाकडे पाठ करतो, हात मागं करतो आणि विचारतो, "कोन हाय?" घराघरातून उत्तर येतं, "मी हाय!" आणि कोणीतरी येऊन तो हात धरतं. वाडीच्या मुली शिकायला परगावी जातात, तेव्हा आया त्यांना एवढंच बजावतात, की तिथं ओळखीचं कोणी नसलं, तरी हात मागं करायचा. विचारायचं. पहिलं उत्तर आपणच द्यायचं, मोठ्यानं. आणि मागं वळून बघायचं नाही.

हात रिकामा राहत नाही, असं म्हणतात.