ऊन काय सासरा आहे?

फार जुन्या काळी एका ओढ्याकाठी लाजाळू राहायची. कुणी नुसती फुंकर मारली तरी ती पानं मिटून घ्यायची. "याला म्हणतात संस्कार!" पलीकडची जास्वंद कौतुकाने म्हणायची. पण सारखी मिटलेली पानं उन्हाला मुकायची, आणि लाजाळू पिवळी पडत चालली होती.

शेजारी बेशरम वाढायची. कितीही तोडा, ती पुन्हा फुटायची आणि फुलं मिरवायची, म्हणून लोकांनी तिला हे नाव ठेवलं होतं. एकदा ती लाजाळूला म्हणाली, "अगं, ऊन काय तुझा सासरा आहे, त्याच्यापुढे पदर घेतेस ते?"

लाजाळूला हसू फुटलं. तेवढ्यात एका म्हशीने ओलं नाक खुपसून तिला हुंगलं. लाजाळूला मेल्याहून मेल्यासारखं झालं. पानं मिटायला लागली, पण तिने सगळा जोर लावून ती उघडीच ठेवली आणि म्हशीच्या डोळ्यांत रोखून पाहिलं. शेवटी म्हैसच ओशाळली आणि मान खाली घालून निघून गेली.

"शी!" जास्वंद किंचाळली, "तूसुद्धा अगदी बेशरम झालीस!"

"अय्या, खरंच?" लाजाळू हरखून म्हणाली. "मला वाटलं, अजून बराच सराव लागेल."