कोंबडी झालेली राजकन्या आणि उंचावरचा झरोका

एका राज्यात एकदा असा पाऊस लागला होता, की ढग डोंगरावरून उतरून अंगणात बसले होते. सरपण ओलं, अंथरूण ओलं, भिंतींना शेवाळ. आणि त्या राज्याची राजकन्या शेवंती कोंबडी झाली होती.

कशी झाली, तर सांगतो. धुकेनाथ मांत्रिक आसरा मागत राजवाड्याशी आला. राजाने दार उघडलं नाही. मांत्रिक भिजत भिजतच बोलला, "राजा, तुझी लेक कोंबडी होईल. हस्त नक्षत्राच्या पावसाचा शेवटचा थेंब पडेपर्यंत जगली, तर पुन्हा तुझी लेक."

राजा घाबरला. त्याने सोन्याचं खुराडं घडवलं, आत मखमल अंथरली, वारा लागू नये म्हणून वरच्या झरोक्यासकट फटी न् फटी मेणाने बुजवली. आठ दिवसांत कोंबडी मलूल झाली. घशात घरघर, नाकाला पाणी.

मग बोलावणं गेलं वेशीबाहेरच्या गोंदाजीला. गोंदाजीला अक्षर येत नव्हतं, पण जन्म कोंबड्यांत गेला होता. निघताना शेजारीण भागूबाई कुंपणावरून म्हणाली, "भर पावसात खुराड्याची खिडकी उघडी ठेवणारा वैद्य! राजाचं भलंच झालं म्हणायचं."

"बघू, बाई," म्हणत गोंदाजीने आपला कोंबडा काखेत मारला. तो कोंबडा माणसासारखा बोलत असे. थोडं बोले, पण खरं बोले.

कोंबडा खुराड्यात डोकावला, कोंबडीशी कुजबुजला आणि म्हणाला, "राजा, लेक म्हणते, श्वास कोंडतो. तीन कामं आहेत. तुझ्याच हातांनी व्हावीत."

राजाने मखमल उचलली. खालून डोळ्यांत झोंबणारा वास आला. तिथे त्याने भाताचं तूस आणि चुलीची राख पसरली. गोंदाजी म्हणाला, "मुठीत दाबून बघा, महाराज. गोळा झाला तर ओलं, सुटलं तर कोरडं. रोज बघायचं. घाई नाही."

दुसरं काम. आंबलेला दूधभात गेला, मूठभर कोरडी ज्वारी आली. पाण्याचं भांडं विटेवर चढलं.

तिसऱ्याला राजाचा हात थांबला.

"वरचा झरोका उघडू? वारा लागून मरेल ती! मग मी हाक कोणाला मारू?"

"वारा तिच्या डोक्यावरून जाईल, महाराज, अंगावरून नाही," गोंदाजी म्हणाला. "वर छप्पर पुढे आलंय. थेंब आत यायचा नाही."

राजाने नखांनी मेण खरवडलं. झरोका उघडला. कोंबडी तीनदा शिंकली आणि गप्प बसली. बाकी काही झालं नाही.

गोंदाजी तिथेच राहिला. राजा रोज तूस खालीवर करी, रोज मूठ दाबून बघे. पाचव्या दिवशी घरघर थांबली. बाराव्या दिवशी कोंबडी उडून दांडीवर बसली. आणि हस्ताचा शेवटचा थेंब पागोळीतून सुटला, तेव्हा दांडीवर पाय हलवत शेवंती बसली होती.

"बाबा," ती म्हणाली, "आधी दार उघडा. बाहेर कोणी भिजतंय का बघा."

धुकेनाथ उभाच होता. राजाने त्याला हाताला धरून आत आणलं, कोरडं घोंगडं पांघरलं. मांत्रिक चुलीशी टेकला, आणि अंगणातले ढग उठून डोंगरावर गेले. राज्यात ऊन पडलं.

गोंदाजी कोंबडा घेऊन सावकाश घरी परतला. कुंपणाशी भागूबाई उभी होती, पदराखाली एक कोंबडी धरून.

"आलात का, गोंदाजीबाबा? माझ्या दोघी शिंकायला लागल्यात हो. मखमल नाही माझ्याकडे, राख मात्र भरपूर आहे. पाय धुवा, आणि तेवढी माझ्या खुराड्याची खिडकी कुठे पाडायची ते सांगा."